राखून ठेवलेलं गाणं

शायनानं कठड्यावर ठेवलेला हात काढून घेतला आणि ती दोन पावलं मागं सरली.

“नाही जमणार मला, दीदी. खाली बघितलं की गरगरतंय.”

अलीमनं कॅमेरा खाली केला. स्पीकरवर गाणं चालूच होतं. करुणाचा रेकॉर्ड केलेला आवाज विहिरीत उतरून थोडा उशिरानं परत वर येत होता. तहमीनानं जाऊन तो बंद केला. ऊन विहिरीच्या अर्ध्या भिंतीपर्यंत उतरलं होतं. आणखी थोड्या वेळानं ते पाण्यावर पडलं असतं आणि तिला हवा होता तो अंधार राहिला नसता.

“खाली बघू नकोस,” ती म्हणाली. “नुसती वाक. मागून कुणीतरी हाक मारली असं वाटलं की थांब. पुढचं अलीम बघेल.”

“मी उभी राहते,” करुणा म्हणाली. ती बाभळीच्या सावलीत बसली होती, ती उठलीसुद्धा.

“तू नाही. तू गाणारी आहेस. तूच तिच्या जागी दिसलीस, तर कोण कुणासाठी गातंय ते बघणाऱ्याला कळायचं नाही.”

करुणा परत बसली. तिच्या शेजारी तिची आई भागुबाई बसली होती. सकाळपासून ती बाई एक शब्द बोलली नव्हती. तिची नजर व्हिडिओत काम करायला आलेल्या शायनाच्या अंगावरच्या अबोली साडीवरून हलत नव्हती. साडी शितलची होती. भागुबाईनंच ती पेटीतून काढून दिली होती.

शितल ही करुणाची थोरली बहीण. त्यांच्या मांडवगण फराट्याहून भीमा नदी ओलांडली की पलीकडं दौंड तालुका. तिथल्या एका गावात तिला दिली होती. दोन वर्षांपूर्वी तिला सासरच्या विहिरीतून बाहेर काढलं. पाणी शेंदताना पाय घसरला, असं कागदावर आलं. आदल्या रात्री भांडण ऐकलेल्या शेजाऱ्यांनी काहीच ऐकलं नव्हतं, असंही कागदावर आलं. मागं तिची मुलगी मैत्री राहिली, तेव्हा तीन वर्षांची. ती बापाकडंच राहिली.

करुणा रांजणगावच्या एका कारखान्यात वायरिंगच्या लाइनवर होती. गळा चांगला होता. जयंतीच्या कार्यक्रमात, लग्नाच्या आदल्या दिवशी, कुणी बोलावलं की गायची. कंपनीच्या बसमध्ये खिडकीला डोकं टेकून तिनं एक गाणं जुळवलं आणि मोबाईलमध्ये म्हणून तहमीनाला पाठवलं. त्यात कुणाचं नाव नव्हतं. एक बाई विहिरीशी बोलते, एवढंच होतं.

*सांग विहिरी, सांग मला,*
*पाय सरकला का हात लागला?*

तहमीनाच्या वडिलांचा, रहीमभाईंचा, शिरूरला एसटी स्टँडच्या मागं फोटो स्टुडिओ होता. वडिलांच्या माघारी तिनं आणि धाकट्या भावानं, अलीमनं, तो चालवला. लग्नं, साखरपुडे, बारशी यांवर घर चालायचं. गेल्या काही वर्षांत मात्र पोरं गाणी घेऊन यायला लागली होती. कुणी एमआयडीसीतला रॅपर, कुणी भजनातून बाहेर पडलेला, कुणाला स्वतःच्या ट्रॅक्टरवर प्रेमगीत करायचं होतं. तहमीना सगळ्यांचे व्हिडिओ करायची. उसावरून ड्रोन, काळा चष्मा, बुलेट. पोरं खूश व्हायची. पण करुणाचं गाणं ऐकून तिनं हेडफोन काढला होता आणि बराच वेळ काही न करता बसून राहिली होती. इतकी वर्षं आपण कशासाठी शिकत होतो, ते त्या दिवशी तिला कळल्यासारखं झालं होतं.

शायनानं अखेर डोळे मिटून तो शॉट दिला. एकदाच, पण बरोबर.

करुणाच्या घरी आल्यावर ती साडी बदलायला आत निघाली, तेव्हा भागुबाई पहिल्यांदा बोलली.

“ऱ्हाऊ दे गं अंगावर. जेव आन् मंग बदल.”

तिनं पाट मांडला, भाकरी आणि पिठलं वाढलं. शायना बसायला लागली तसं म्हातारीनं तिला खांद्याला धरून वळवलं.

“भिंतीकडं तोंड करून बस, पोरी. इकडनं वारं येतंय.”

वारं कुठंच नव्हतं. शायना गोंधळून भिंतीकडं तोंड करून जेवायला लागली. भागुबाई तिच्या मागं गुडघे पोटाशी घेऊन बसली आणि ती पाठ, तो पदर, घास घेताना हलणारा तो खांदा बघत राहिली. दारातून अलीमनं नकळत कॅमेरा उचलला. तहमीनानं लेन्सवर हात ठेवला.

संध्याकाळी म्हाळूमामा, करुणाचे वडील, दौंडहून परतले. दर पंधरा दिवसांनी रविवारी ते नातीला भेटायला जायचे. सासरकडचं कुणीतरी तिला स्टेशनजवळ घेऊन यायचं, अर्धा-पाऊण तास तिथंच बसू द्यायचं आणि परत न्यायचं. म्हातारी हातातलं काम टाकून दारात आली. काय खाल्लं, काय बोलली, कुणाचा हात धरून आली होती, सगळं मामांनी पायऱ्यांवर बसून सांगितलं. ते संपेपर्यंत कुणी त्यांना पाणीसुद्धा दिलं नाही.

एडिटिंगला तहमीनानं महिना घेतला. तिनं अनेक शॉट टाकून दिले, ड्रोन तर वापरलाच नाही. शेवटी उरलं ते करुणाचं तोंड, विहिरीची काळी भिंत आणि पाठमोरी एक बाई. पुण्यातल्या एका छोट्या महोत्सवात नव्या गायकांचे व्हिडिओ दाखवत, तिथं पाठवायचं तिनं ठरवलं. एप्रिलमध्ये जयंतीच्या आधी गाणं यूट्यूबवर आणायचं, हेही ठरलं.

त्याआधीच शायनानं शूटिंगचा एक तुकडा आपल्या इन्स्टाग्रामवर टाकला. तिच्या मनात काही वाईट नव्हतं. विहीर, साडी आणि मागं गाण्याच्या दोन ओळी.

चौथ्या-पाचव्या दिवशी एक माणूस स्टुडिओत आला. चपला दाराबाहेर काढल्या. पांढरा शर्ट, खिशाला पेन. शितलचा थोरला दीर, जयसिंग, अशी ओळख त्यानं स्वतःच सांगितली.

“मोबाईलवर ऐकलं गाणं. म्हंजी हाय तेवढं ऐकलं,” तो म्हणाला. “आवाज चांगला हाय करुणाचा. आमची शितलबी काम करता करता गुणगुणायची.”

अलीम उठून उभा राहिला. तहमीनानं त्याला डोळ्यांनी बसवलं.

“तुमचं काय म्हणणं आहे?” तिनं विचारलं.

“आमचं काय असणार? गाण्यात आमचं नाव न्हाई, गावाचं न्हाई. इहिरीला काय इचारायचं ते इचारा.” त्यानं चहाचा घोट घेतला. “फक्त कसं हाय, म्हातारा येतो पंधरा दिवसाला. आम्ही पोर भेटवतो. कुण्या कोर्टानं सांगितलेलं न्हाई, आपलं माणुसकीनं चाललंय. उद्या घरातल्या बायामाणसांनी हे बघितलं, तर त्या म्हणणार, कशाला येऊ देताय ह्यांना? मी कुणाकुणाचं तोंड धरू?”

चहा संपवून त्यानं कप स्वतः मोरीत नेऊन ठेवला. जाताना भिंतीवरचे लग्नाचे फोटो बघितले आणि एका फोटोला “लई छान” म्हणाला.

दुसऱ्या दिवशी करुणा वडिलांना घेऊन आली. म्हाळूमामांनी व्हिडिओ बघितला नाही. स्क्रीनसमोरची खुर्ची पुढं केली, तरी ते दाराजवळच्या स्टुलावर बसले आणि टोपी काढून मांडीवर ठेवली.

“गाणं लई चांगलं असंल,” ते म्हणाले. “मला त्यातलं कळत न्हाई. पर गाणं पुढच्या सालीबी गाणंच ऱ्हाईल. पोर एवढीशी हाय. म्या दिसलो न्हाई तर मला इसरायला तिला किती दिस लागतील?”

“मामा, तो माणूस घाबरलाय,” तहमीना म्हणाली. “म्हणून तर आला. काही केलंच नसतं तर इथवर आला असता का?”

“घाबरलेत म्हणूनच,” करुणा म्हणाली. तिचा आवाज अगदी सपाट होता. “घाबरलेली माणसं आधी पोरीला लपवतील, ताई.”

“मग?”

“राखून ठेवा. टाकून देऊ नका. नुसतं राखून ठेवा.”

तहमीनाला पुष्कळ बोलायचं होतं. महोत्सवाबद्दल, त्या एका शॉटबद्दल, हे गाणं ऐकून ज्यांना बोलावंसं वाटेल त्यांच्याबद्दल. तिनं म्हाळूमामांच्या मांडीवरच्या टोपीकडं बघितलं आणि शायनाला फोन करून तो तुकडा काढून टाकायला सांगितलं.

एप्रिल गेला, महोत्सवाची तारीखही गेली. पाऊसकाळात करुणाला दुसरं काही गाशील का म्हणून विचारलं, तर ती “बघू” म्हणाली आणि ते बघणं पुढं पुढं जात राहिलं. कधी दुपारी स्टुडिओत कुणी नसलं की तहमीना ती फाईल उघडायची, शेवटपर्यंत बघायची आणि बंद करायची. त्यात कुठं काही बदलावं असं तिला वाटत नव्हतं, याचाच तिला त्रास व्हायचा. भेटी मात्र चालू होत्या. करुणा फोनवर सांगायची, मैत्री शाळेत जायला लागली, मैत्रीनं बाबांना आकडे म्हणून दाखवले. मग तहमीनाला वाटायचं, ठीक आहे. एका गाण्याच्या बदल्यात एवढं तरी आहे.

फेब्रुवारीत दौंडच्या सम्राटचं काम आलं. रेल्वे कॉलनीत वाढलेला पोरगा. इंजिनांच्या आवाजावर त्यानं एक रॅप बांधला होता. जागा बघायला म्हणून तहमीना आणि अलीम रविवारी सकाळीच दौंडला गेले. स्टेशनच्या आत शूटिंगला परवानगी लागते, म्हणून बाहेरच्या पुलावरूनच काम भागवायचं ठरलं. सकाळच्या उजेडात रिक्षा स्टँड, चहाच्या टपऱ्या, बाहेर येणारी माणसं असे चार-दोन तुकडे अलीमनं टिपले. मग सम्राटच्या घरी जेवण झालं. त्याच्या आईनं आग्रह कर-करून वाढलं. ऊन कललं तसे ते पुन्हा पुलावर आले आणि त्याच जागेवरून तेच तुकडे घेतले. कुठला उजेड बरा, ते ठरवायला तहमीना कॅमेऱ्याच्या छोट्या स्क्रीनवर दोन्ही वेळचे तुकडे एकामागून एक बघायला लागली.

रिक्षा बदलल्या होत्या, माणसं बदलली होती. लिंबाखालच्या बाकावरचा पांढऱ्या टोपीचा माणूस मात्र दोन्हीत होता. मांडीवर पिशवी, पाय जवळ घेतलेले. सकाळी बसला होता तसाच.

तिनं मान वर करून खाली बघितलं. तो अजून तिथंच होता.

“तुम्ही थांबा इथंच,” ती दोघांना म्हणाली आणि पुलाच्या पायऱ्या उतरली.

तिला बघताच म्हाळूमामा गडबडीनं उठले.

“तू हिकडं कशी गं, पोरी? अगं आत्ताच गेली बघ मैत्री. पाच मिन्टं झाली आसतील. चुलत्यासंगं गेली.”

“मामा, तुम्ही सकाळपासून इथं एकटेच आहात.”

मामांनी पुलाकडं बघितलं, तिथल्या कॅमेऱ्याकडं बघितलं आणि पुन्हा खाली बसले. पिशवीतून शेंगदाण्याच्या लाडवांचा वास येत होता. बराच वेळ त्यांनी पिशवीचे बंद बोटाला गुंडाळले आणि सोडले.

“दिवाळीपासनं न्हाई ती हितं,” ते म्हणाले. “बापानं दुसरं लगीन केलं आन् सुरतंकडं गेला कामाला. पोरीलाबी घिऊन गेला. म्या ह्याच बाकावर बसलो हुतो, जयसिंग येकलाच आला. म्हणला, आता यायचं कारण न्हाई. पत्ता मागितला तर म्हणला, मला म्हाईत न्हाई. दोनदा घरी जाऊन पाया पडून आलो. तिसऱ्यांदा त्यांनी दार उघडलं न्हाई.”

“घरी सांगितलं नाहीत?”

“सांगायचंच ठरवून गेलतो. सबंध वाटंनं तेच घोकीत गेलो. म्हातारी चुलीम्होरं बसली हुती. दोन दिस काय खाल्लं न्हवतं तिनं, ताप हुता. मला म्हणली, भेटली का? माझ्या तोंडातनं गेलं, भेटली. मंग म्हणली, वाढ मलाबी थोडं.” त्यांनी टोपी काढून घाम पुसला. “एकदा गेलं तोंडातनं. मंग पुढच्या येळंला काय करणार? आता पंधरा दिवसाला येतो, हितं बसतो, गाडी बघून जातो.”

समोरून एक बाई दोन मुलांना ओढत स्टेशनकडं चालली होती. त्यातली मुलगी पाच-सहा वर्षांची होती. मामांची नजर तिच्या डोक्यापासून पायापर्यंत फिरली आणि ती आत दिसेनाशी होईपर्यंत तिच्यामागं गेली.

“पोर वाढती ना,” ते म्हणाले. “दर खेपंला तेच कसं सांगायचं? तिच्या वयाच्या पोरी हितनं जात्यात. केस कसं बांधलेत, किती उंच झाल्यात, काय बोलत्यात, बघून ठेवतो. त्यातलीच एखादी सांगतो. लाडू हितल्या पोरांना वाटतो. परत न्हेऊन कसं चालंल?”

तहमीना त्यांच्या शेजारी बसली. तिला दहा-अकरा महिन्यांपूर्वीचं स्टुडिओतलं ते स्टूल दिसत होतं. ‘ज्याच्यासाठी थांबवलं ते राहिलंच नाही, मग गाणं आणू या का बाहेर,’ हा प्रश्न तिच्या अगदी ओठांवर आला होता. तो इतक्या लवकर आला याची तिला लाज वाटली.

मामांनीच तो ओळखला.

“तुझं गाणं अडवून धरलंय म्या. मला कळतं,” ते म्हणाले. “पर ते भाईर आलं तर करुणी इचारणार, आता मैत्रीला भेटवतील का? मंग करुणीला कळणार. तिला कळलं तर म्हातारीला कळणार. म्हातारी न्हाई ऱ्हायची, पोरी.”

पाच वाजता मांडवगणकडं जाणारी जीप लागली. चढताना त्यांनी लाडवांची पिशवी तहमीनाच्या हातात दिली आणि वळून बघितलं नाही.

परतीच्या रस्त्यावर अलीमनं दोनदा विचारलं, काय झालं, आपा? तिनं मान हलवली. पिशवी दोघांच्या मधे ठेवलेली होती. शिरूरला पोचून ते सामान वर चढवत होते, तेवढ्यात करुणाचा फोन आला. तिच्यामागं भांड्यांचा आवाज होता.

“ताई, आज दौंडला होतात म्हणं. बाबा सांगत होते भेटलात म्हणून.”

“हो. सम्राटच्या कामाला गेलो होतो.”

“मैत्री दिसली का तुम्हाला?”

तहमीना जिन्यातच थांबली. अलीम ट्रायपॉड घेऊन तिच्या बाजूनं वर गेला.

“दिसली,” ती म्हणाली. “लांबून दिसली. निघालेच होते ते लोक.”

पलीकडं दार ओढल्याचा आवाज आला आणि भांड्यांचा आवाज कमी झाला.

“फोटो काढला का तुम्ही?”

“नाही.”

“बरं झालं. आई मागणार. बॅटरी संपली होती म्हणा.” करुणा हळू आवाजात, भराभर बोलत होती. “बाबांनी पिवळा फ्रॉक सांगितलाय आज. दोन वेण्या. जास्त काही बोलू नका, तेवढंच सांगा.”

“करुणा, तुला—”

“ती आली. देते.”

फोन एका हातातून दुसऱ्या हातात गेला. आधी नुसता श्वास ऐकू आला. भागुबाईला फोनवर कसं बोलायचं ते नीटसं जमत नसावं. ती फार मोठ्यानं बोलली.

“तू बघितलीस म्हणं माझी मैत्री?”

“बघितली, मावशी. पिवळा फ्रॉक घातला होता. दोन वेण्या होत्या.”

“ते सांगितलं ह्यांनी. पर गड्यामाणसाला काय दिसतंय? तू बाईमाणूस, खरं सांग मला. तोंड कुणाचं घेतलंय तिनं? त्यांच्यातलं, का आमच्या शितलचं?”

तहमीनानं जिन्याच्या भिंतीला पाठ टेकली. जिवंत शितलला तिनं कधी बघितलं नव्हतं. मैत्रीला तर नाहीच नाही.

“शितलचं,” ती म्हणाली. “नाक, डोळे, सगळं शितलचं.”

पलीकडं म्हातारीचा आवाज फोनपासून लांब गेला, आत कुणाला तरी सांगायला लागला. फोन बंद करायचं तिला सुचलं नव्हतं. तहमीनालाही तो कापवेना.

“ऐकलं का, शितलवर गेलीया म्हणं. नाक, डोळं, सगळं.”

आणि आणखी लांबून, घरातून, म्हाळूमामांचा आवाज आला.

“मंग? म्या काय खोटं सांगतो व्हय?”